मतदार यादी हेही आपलंच मस्टर!



गिरणीत मस्टर म्हणजे काय चीज आहे, हे तुम्हाला सांगायला नको. आठ तास साच्यावर उभे राहा, तुटलेली तार न् तार सांधा, नाकातोंडात कापूस घेऊन बाहेर पडा. पण मस्टरवर नाव चढलं नसेल, तर टाइमकीपर खुशाल म्हणणार, "तू आलाच नव्हतास!" मग पगाराच्या खिडकीपुढे कितीही गळा काढा, कोण ऐकतो? म्हणून कामाला हात लावायच्या आधी आपण नाव बघतो. बदलीवाला तर दोनदा बघतो.

असंच एक मस्टर आपल्या गावाचं आणि शहराचं असतं. त्याचं नाव मतदार यादी. नळाला पाणी किती वेळ येणार, गटार कधी उपसलं जाणार, वस्तीतली शाळा चालणार की बंद पडणार, दवाखान्यात डॉक्टर असणार की नुसती पाटी असणार, हे ज्या सभागृहात ठरतं तिथे माणूस पाठवायचा हक्क या मस्टरवर आहे. आणि हे मस्टर आपण कधी बघतो? मतदानाच्या दिवशी सकाळी, रांगेत उभं राहिल्यावर!

मला या लेखात एकच गोष्ट सांगायची आहे. वॉर्डाच्या निवडणुकीत कामगाराचं मत मतदान केंद्रावर बुडत नाही. ते कितीतरी महिने आधी यादीच्या कचेरीत बुडतं. आणि एकदा बुडालं की कोर्टसुद्धा ते वेळेत वर काढून देत नाही. म्हणून यादीची लढाई निवडणुकीच्या हंगामात लढायची नाही. ती बारा महिने लढायची, आणि सरकारला व आयोगाला बारा महिने जाब विचारायचा.

हे मत कुणी दान दिलेलं नाही

मुंबईच्या म्युनिसिपालटीत एके काळी मत होतं ते पट्टी भरणाऱ्याला आणि ठराविक भाडं भरणाऱ्याला. चाळीतल्या एका खोलीत पाळीपाळीने पथारी टाकणाऱ्या गड्यांना शहरात जागा नव्हती, मग मत कुठून असणार? त्यांच्या घामावर गिरण्यांची धुराडी पेटत होती, पण नगरपित्यांच्या हिशेबात ते माणूस म्हणून धरलेच नव्हते. सर्व प्रौढ माणसांच्या मतावर मुंबई महापालिकेची पहिली निवडणूक झाली ती १९४८ साली.

आणि मत हातात आल्यावर काय होतं तेही या शहराने बघितलं. १९५७ साली संयुक्त महाराष्ट्र समितीने मुंबई महापालिका जिंकली आणि आचार्य मो. वा. दोंदे महापौर झाले. पुढच्याच वर्षी, १९५८ साली, कामगार चळवळीत आयुष्य घालवलेले कॉम्रेड एस. एस. मिरजकर महापौरांच्या खुर्चीवर बसले. लालबाग-परळच्या चाळींतून निघालेल्या मतांनी हे घडवलं. तेव्हा जे म्हणतात की "वॉर्डाच्या मताने काय होतंय", त्यांना हा इतिहास सांगा.

पुढे १९८९ साली मतदानाचं वय २१ वरून १८ वर आलं. १९९३ साली राज्यघटनेतल्या ७३ व्या आणि ७४ व्या दुरुस्त्या अमलात आल्या. दर पाच वर्षांनी पंचायत आणि पालिकेची निवडणूक झालीच पाहिजे असं घटनेने बजावलं, आणि त्यासाठी प्रत्येक राज्यात राज्य निवडणूक आयोग नेमला. कागदावर सगळं चोख. मग अडतंय कुठं?

यादी कोणाची? तुझी की माझी?

अडतंय ते इथं. घटनेची कलमं २४३ के आणि २४३ झेड ए वाचा. पंचायती आणि पालिकांच्या मतदार याद्या तयार करण्यावरची देखरेख, दिशा आणि ताबा राज्य निवडणूक आयोगाकडे आहे, असं त्यात साफ लिहिलंय. पण महाराष्ट्रातल्या कायद्याप्रमाणे राज्य आयोग स्वतः घरोघर माणूस पाठवून यादी करत नाही. तो विधानसभेची तयार यादी घेतो. ती यादी केंद्राच्या भारत निवडणूक आयोगाच्या हुकमाखाली बनलेली असते. राज्य आयोग एक तारीख ठरवतो, त्या तारखेला जी यादी असेल ती उचलतो, वॉर्डाप्रमाणे फोडतो, आणि म्हणतो, ही घ्या तुमची यादी.

२०२५ साली ही तारीख होती १ जुलै. मुंबईसह महाराष्ट्रातल्या २९ महानगरपालिकांचं मतदान झालं १५ जानेवारी २०२६ ला. आता तुम्हीच बोटावर मोजा. ज्या पोराला किंवा पोरीला ऑगस्ट २०२५ मध्ये अठरावं वर्ष पुरं झालं, ते मतदानाच्या दिवशी पाच महिन्यांचे पक्के प्रौढ होते. गिरणीत लागले असतील, पीएफ कापला जात असेल, पण वॉर्डात मत नाही! ज्याने जुलैनंतर खोली बदलली, त्याचं नाव जुन्याच वॉर्डात. या तारखेविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात अर्ज गेले. निवडणूक काही थांबली नाही.

वॉर्डाची प्रारूप यादी लागली की हरकती मागवतात. आपला माणूस धावत जातो आणि म्हणतो, "साहेब, माझं नावच नाही, घाला." साहेब म्हणतो, "नवीन नाव इथं घालता येत नाही." आणि साहेब खोटं बोलत नाही! या हरकतीत तीनच गोष्टी चालतात. विधानसभेच्या यादीत नाव आहे पण वॉर्डाच्या यादीतून गळलं, ही एक. नाव चुकीच्या वॉर्डात पडलं, ही दुसरी. आणि लिहिण्यातली चूक, ही तिसरी. मुळात विधानसभेच्या यादीतच नाव नसेल, तर वॉर्डाच्या हरकतीचा अर्ज म्हणजे वरातीमागून घोडं.

ही गोष्ट किती जणांना ठाऊक आहे? आमच्या युनियनच्या कचेरीत वाइंडिंगखात्यातल्या एक मावशी आल्या होत्या. हातात मतदाराचं ओळखपत्र, फोटोसकट. म्हणाल्या, "भाऊ, कार्ड हाय की माझ्याकडं, मग मत का देऊ दिलं नाही?" त्यांना सांगावं लागलं की मावशी, कार्ड म्हणजे मत नव्हे. यादीत नाव असेल तरच मत. कार्ड नुसती ओळख पटवायला. एका कचेरीने त्यांना दुसरीकडे पाठवलं, दुसरीने पहिलीकडे. दोन पाळ्यांचा खाडा पडला. कार्ड तेवढं घरी आलं, मत आलं नाही.

ही टोलवाटोलवी मावशींपुरती नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये राज्यातल्या विरोधी पक्षांचे मोठमोठे पुढारी एकत्र होऊन याद्यांतल्या घोळाची तक्रार घेऊन गेले, तर त्यांनाही दोन दारं ठोठवावी लागली. एक राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्याचं, दुसरं राज्य निवडणूक आयोगाचं. १ नोव्हेंबर २०२५ ला मुंबईत याच प्रश्नावर मोर्चा निघाला. राज्य आयोग म्हणतो, यादी आमची नाही, आम्ही नुसती वापरतो. केंद्राचा आयोग म्हणतो, पालिकेची निवडणूक आमची नाही. म्हणजे सूत खराब निघालं की त्रासनखातं साचेखात्याकडे बोट दाखवतं, आणि साचेखातं त्रासनखात्याकडे. मार मात्र कापड विणणाऱ्याला!

माझं मत असं की राज्य आयोगाने हात वर करायचं कारण नाही. घटनेने ताबा त्याच्याकडे दिलाय. केरळात आणि उत्तर प्रदेशात राज्य आयोग पंचायतींसाठी आपली यादी आपण करतो. महाराष्ट्राने विधानसभेची यादी वापरायची ठरवली, त्यात पैसा आणि वेळ वाचतो हे कबूल. पण उसना माल घेतला म्हणून त्याच्या खोटेपणाची जबाबदारी संपत नाही. माल तपासून घ्यायला कुणी बंदी केली आहे काय?

कोर्टाची तीन दारं

"मग कोर्टात जाऊ", असं आपण पटकन म्हणतो. कोर्टात जरूर जावं. पण कोर्ट काय करतं आणि काय करत नाही, ते आधी समजून घ्या, नाहीतर वर्गणीचा पैसा वकिलाच्या घरात आणि मत पाण्यात.

पहिलं दार निवडणुकीच्या आधीचं. हे दार उघडं असतं. नाव नाकारलं किंवा काढलं तर १९५० च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम २४ खाली अपील आहे. पहिलं अपील १५ दिवसांत जिल्हाधिकाऱ्याकडे, त्यावर दुसरं ३० दिवसांत राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्याकडे. याला बॅरिस्टर लागत नाही. अर्ज, पोच आणि चिकाटी लागते.

दुसरं दार निवडणूक चालू असतानाचं. हे जवळजवळ बंदच असतं. १९५२ साली मद्रास राज्यातल्या नामक्कलच्या पोन्नुस्वामींच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निवडणूक सुरू झाल्यावर मध्येच कोर्टाने हात घालायचा नाही, तक्रार असेल ती निकालानंतर निवडणूक अर्ज करून मांडायची. पालिका आणि पंचायतींसाठीही असाच बंधारा घटनेत घातलेला आहे. १९८५ साली पश्चिम बंगालच्या मतदार यादीवरून वाद गेला. तेव्हा न्यायालय म्हणालं, यादीचं काम कधी संपत नाही, ते सतत चालू असतं. म्हणून यादीत दोष आहेत एवढ्यासाठी निवडणूक अडवून धरता येणार नाही. त्या दिवशी जी यादी असेल ती धरून मतदान होणार.

तिसरं दार निकालानंतरचं. तिथं गेलात तर १९७३ चा निवाडा आडवा येतो. गुजरातच्या राज्यसभेच्या निवडणुकीवरून तो खटला झाला होता. न्यायालयाने ठरवलं की अमुक माणूस त्या जागी खरोखर राहत होता की नव्हता, हा प्रश्न निवडणूक अर्जात उकरून काढता येत नाही. यादी पक्की झाली, विषय संपला.

बघा बंधूंनो! आधी जा तर म्हणतात, कचेरीत जा. मध्ये जा तर म्हणतात, आता नाही. नंतर जा तर म्हणतात, आता काय उपयोग. मी न्यायाधीशांना दोष देत नाही. ज्याच्या हातात पैसा आहे त्याने दर निवडणुकीला यादीचं निमित्त काढून स्थगिती आणली असती, तर निवडणूक कधी झालीच नसती. त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. पण त्याचा अर्थ आपण नीट ध्यानात घेतला पाहिजे. तीन दारांपैकी कामगाराला उपयोगी असं एकच दार आहे, ते म्हणजे पहिलं. आणि नेमकं तेव्हाच आपण झोपलेले असतो, कारण तेव्हा ना भोंगा वाजतो ना सभा होते.

निवडणूक पुढे ढकला, हे आपलं मागणं नव्हे

याद्यांतला घोळ बघून २०२५ साली पुष्कळांनी म्हटलं, याद्या दुरुस्त होईपर्यंत निवडणुका नकोत. राग खरा होता. पण हा उपाय कामगाराच्या हिताचा नाही, असं मी स्पष्ट म्हणतो.

मुंबई महापालिकेची मुदत ७ मार्च २०२२ ला संपली. त्यानंतर जवळजवळ चार वर्षं प्रशासकाने कारभार केला. इचलकरंजी, यंत्रमागावर जगणारं आपलं शहर, २०२२ साली महानगरपालिका झालं. तिची पहिली निवडणूक व्हायला २०२६ उजाडलं. इतर मागासवर्गाचं आरक्षण आणि वॉर्डांची रचना यांवरचे वाद कोर्टात पडून राहिले. शेवटी ६ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने चार महिन्यांत निवडणुका घ्या असं फर्मावलं, आणि नंतर ती मुदत ३१ जानेवारी २०२६ पर्यंत वाढवून दिली. त्या वर्षांत तुंबलेल्या गटाराबद्दल जाब विचारायला आपला नगरसेवक होता का? प्रशासकाला आपण निवडलेलं नव्हतं, मग तो आपल्याला का घाबरेल?

२००६ साली अहमदाबाद महापालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे आधीच सांगून ठेवलंय. किशनसिंग तोमर यांचा तो खटला. पाच वर्षांची मुदत ही घटनेची आज्ञा आहे. याद्यांची फेरतपासणी चालू आहे, वॉर्ड ठरायचेत, अशा सबबी सांगून निवडणूक लांबवता येणार नाही. अहमदाबाद हेही गिरण्यांचंच शहर. तिथला कामगार जे मिळवून बसला, ते आपण आपल्या हाताने का सोडायचं? आपलं मागणं असं पाहिजे: निवडणूकही वेळेवर, आणि यादीही वेळेवर.

दुबार नाव आणि दोन गावं

आता एक कडू गोष्ट. ती आपल्याच घरातली आहे, म्हणून बोललीच पाहिजे.

२० नोव्हेंबर २०२५ ला मुंबईची प्रारूप यादी लागली. एकंदर मतदार एक कोटी तीन लाखांच्या घरात, आणि त्यात दुबार असाव्यात अशा नोंदी सुमारे ११ लाख. म्हणजे दर दहा ओळींत एक ओळ संशयाची! हरकतींना आधी जेमतेम एक आठवडा दिला होता. ओरड झाली तेव्हा मुदत ३ डिसेंबरपर्यंत वाढली. संशयित नावांपुढे दोन तारे छापले, आणि तुम्ही कुठल्या केंद्रावर मत देणार ते लिहून द्या म्हणून सांगितलं. अकरा लाख ओळी इतक्या दिवसांत कोण तपासणार? रोग वर्षानुवर्षं वाढू द्यायचा आणि घाटावर नेताना नाडी बघायची, असला हा प्रकार.

पण दुबार नोंदी सगळ्याच काही कुणी कारस्थान करून घुसवलेल्या नसतात. आपलंच बघा. माणूस रत्नागिरीचा, साताऱ्याचा, सोलापूरचा. पोटासाठी शहरात आला. गावच्या यादीत नाव आहेच, कारण ग्रामपंचायतीला भावकीचा माणूस उभा राहतो. शहरात खोली मिळाली, तिथंही नाव लागलं. गावचं काढायचं राहून गेलं, किंवा मुद्दाम ठेवलं. कायदा काय म्हणतो? १९५० च्या कायद्याचं कलम १७ म्हणतं, एकाहून जास्त मतदारसंघांत नाव नको. कलम १८ म्हणतं, एका मतदारसंघात दोनदा नको. कलम ३१ म्हणतं, अर्जात जाणूनबुजून खोटं लिहिलंत तर एक वर्षापर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. आणि कलम २० तर आपल्यासाठीच लिहिल्यासारखं आहे: कुठे स्वतःचं घर आहे एवढ्यानेच माणूस तिथला रहिवासी ठरत नाही. गावचं घर आपलंच राहील, त्याला कुणी हात लावत नाही. पण मत जिथं आपण राहतो तिथलं.

उत्तराखंडात २०२५ साली काय घडलं ते ऐका. पंचायतीच्या निवडणुकीत तिथल्या राज्य आयोगाने परिपत्रक काढलं की एकाहून जास्त याद्यांत नाव आहे एवढ्यासाठी उमेदवाराचा अर्ज बाद करू नये. कायद्यात मात्र दोन याद्यांत नाव चालत नाही असं लिहिलेलं. उच्च न्यायालयाने परिपत्रक रोखलं. आयोग सर्वोच्च न्यायालयात गेला, तर सप्टेंबर २०२५ मध्ये त्याचा अर्ज फेटाळलाच, वर दोन लाख रुपये खर्चही बसवला. कायद्याच्या उलट परिपत्रक कसं काढता, असा सरळ सवाल होता. आयोगालाही कान धरणारा कुणीतरी आहे, हे बघून बरं वाटलं.

तेव्हा माझं आपल्या लोकांना सांगणं आहे: एक माणूस, एक गाव, एक नाव. शहरात राबता, शहराचं पाणी पिता, शहरात पोरं शिकवता, तर मत शहरात ठेवा. भावकीच्या एका मतासाठी इथला वॉर्ड गमावू नका. आपली नावं स्वच्छ असतील तरच दुसऱ्याच्या बोगस नावावर आपण छातीठोक बोट ठेवू शकू.

नाव काढा, माणूस काढू नका

दुबार नाव काढायचं म्हणून उद्या कुणी यादीला झाडूच मारला, तर पहिला बळी कोण जाईल? ज्याचा पत्ता बदलतो तो. चाळ पाडली म्हणून संक्रमण शिबिरात गेलेला. मागाच्या शेडमध्येच झोपणारा. पाळीवर असल्यामुळे तपासनीस आला तेव्हा घरी न सापडलेला. लग्न होऊन नाव बदललेली बाई. बंगल्यातल्या माणसाचं नाव अशा झाडूने सहसा जात नाही.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा धोका १९४९ च्या जूनमध्येच ओळखला होता. घटना समितीत निवडणूक आयोगाचं कलम मांडताना त्यांनी सांगितलं की काही प्रांतांत वंशाने, संस्कृतीने किंवा भाषेने वेगळ्या असलेल्या लोकांना मतदार यादीतून बाहेर ठेवण्याचे प्रकार चालल्याच्या तक्रारी आल्या आहेत. म्हणूनच यादीचं काम प्रांतिक सरकारच्या हातातून काढून स्वतंत्र आयोगाकडे दिलं. भाषेसाठी लढणाऱ्या माणसाने ही गोष्ट काळजावर कोरून ठेवावी. मराठी माणूस दुसऱ्या राज्यात असला तर भाषेमुळे त्याचं नाव गळता कामा नये, आणि आपल्या शेजारच्या मागावर तेलुगू किंवा हिंदी बोलणारा कामगार असेल, तर त्याचंही गळता कामा नये. मालक आपल्याला भाषेने वेगळं करतो तेव्हा मजुरी कमी होते, हे सोलापूरच्या आणि भिवंडीच्या कामगाराला मी काय सांगू?

१९९५ सालचा लाल बाबू हुसेन यांचा खटला याच प्रश्नावर झाला. दिल्लीत आणि आपल्या मुंबईत कित्येक वस्त्यांतल्या माणसांना नोटिसा गेल्या की तुम्ही भारताचे नागरिक आहात हे शाबीत करा, नाहीतर नाव काढतो. पुरावा म्हणून मोजकेच कागद चालतील असं सांगितलं. गरिबाच्या ट्रंकेत पासपोर्ट कुठला? सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की ज्याचं नाव आधीच्या यादीत आहे, त्याचं नाव एकदा तपासूनच घातलेलं असणार हे धरून चाला. शंका कशामुळे आली ते त्याला कळवा. त्याचं ऐकून घ्या. तो देईल तो पुरावा बघा. आणि मगच निर्णय द्या. कायद्याच्या कलम २२ मध्येही तेच आहे. हा माणूस इथं राहत नाही, असं म्हणून नाव काढायचं तर आधी त्याला बाजू मांडायची संधी दिलीच पाहिजे.

आणि २०२५ साली बिहारात खास फेरतपासणी झाली, प्रारूप यादीतून सुमारे ६५ लाख नावं बाहेर राहिली, तेव्हा १४ ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयाने हुकूम दिला की ती नावं कारणांसकट लोकांपुढे ठेवा. मला वाटतं यादीच्या प्रश्नावर कामगाराला इतका उपयोगी हुकूम दुसरा नाही. कारण ज्याचं नाव कापलं गेलंय, त्याला ते मतदानाच्या सकाळी नव्हे, आजच कळलं पाहिजे.

आपलं मागणं आणि आपलं काम

सरकारकडे आणि आयोगाकडे आपली चार मागणी आहेत.

पहिली. वॉर्डाच्या निवडणुकीसाठी यादीची तारीख मतदानाच्या जवळ आणा. कायद्यात आता वर्षातून चार पात्रता तारखा आहेत: १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै, १ ऑक्टोबर. जानेवारीतल्या मतदानाला जुलैची यादी का?

दुसरी. ती तारीख गोठवण्याआधी राज्य आयोगाने घरोघर पडताळणी करून घ्यावी, आणि ती सुट्टीच्या दिवशी किंवा पाळी सुटल्यावर.

तिसरी. काढलेलं प्रत्येक नाव कारणासकट वॉर्डाच्या कचेरीत, चावडीवर आणि गिरणीच्या दरवाजावर लावावं. मराठीत, आणि वस्तीत दुसरी भाषा चालत असेल तर तिच्यातही.

चौथी. हरकतीला किमान एक महिना द्यावा, आणि एकाच खिडकीवर दोन्ही आयोगांचं काम व्हावं. मावशींची ये-जा बंद!

आता आपलं काम. मागणी मान्य होईपर्यंत हात बांधून बसायचं नाही.

प्रत्येक खात्यातून दोन माणसं निवडा, एक बाई आणि एक गडी. दर तीन महिन्यांनी, पात्रतेची तारीख आली की, त्यांनी आपल्या खात्यातल्या सगळ्यांची नावं विधानसभेच्या यादीत आहेत का ते बघायचं. नवीन नावाला नमुना ६. पत्ता बदलला किंवा चूक दुरुस्त करायची तर नमुना ८. मेलेल्याचं, निघून गेलेल्याचं किंवा दुबार नाव काढायला नमुना ७. पोच घेतल्याशिवाय कचेरीतून पाय काढायचा नाही.

जो मागाच्या शेडमध्ये किंवा फुटपाथवर झोपतो, ज्याच्याकडे भाडेपावती नाही, त्याने "माझं कसं व्हायचं" म्हणून मागे सरायचं नाही. बेघर माणसासाठी आयोगाचाच नियम आहे: केंद्रस्तरीय अधिकाऱ्याने रात्री त्या जागी यायचं, माणूस तिथं खरोखर झोपतो हे बघायचं, मग पत्त्याचा कागद लागत नाही. हा नियम तोंडपाठ करा आणि अधिकाऱ्याला ऐकवा.

ज्याचं नाव सुनावणीशिवाय कापलं, त्याचं अपील पंधरा दिवसांच्या आत युनियनने लिहून द्यायचं. एकट्याचं एक अपील कचेरी रद्दीत टाकते. एका गिरणीची दोनशे अपीलं एकदम गेली, तर तोच अधिकारी खुर्ची सोडून उभा राहतो.

बोनससाठी आपण महिनोन् महिने आधी तयारी करतो, आकडे जमवतो, ताळेबंद मागवतो. ऐन दिवाळीच्या आदल्या दिवशी भांडायला लागलो असतो, तर आजवर दमडी मिळाली नसती. वॉर्डाच्या मताचंही तेच आहे. ज्यांना आपलं मत नको आहे ते निवडणुकीची वाट बघत बसत नाहीत. ते आजच यादी चाळतायत. आपणही आजच चाळू या. येत्या रविवारी सभेहून घरी गेल्यावर आधी स्वतःचं नाव बघा, मग घरच्यांचं, मग शेजारच्या खोलीतलं. आणि नाव नसेल तर सोमवारी पाळी सुटल्यावर एकट्याने जाऊ नका. चौघं मिळून कचेरीची पायरी चढा!

— एक गिरणी कामगार